आलंबन : सदाशिव अमरापूरकर आणि ‘सहायक’ या शब्दाचा अर्थ

(कोयनानगर येथे झालेल्या जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन)



तत्त्वज्ञान शिकवण्यात आयुष्य गेलेला माणूस सिनेमातल्या नटावर काय बोलणार, अशी शंका तुमच्यापैकी काहींच्या चेहऱ्यावर मला दिसते आहे. ती रास्त आहे. म्हणून हा विषय डोक्यात कसा आला, ते आधी सांगतो.

माझी नात कोरियन मालिका बघते. परवा तिनं मोबाईल माझ्यासमोर धरला आणि म्हणाली, “आजोबा, हा माणूस बघा. हा प्रत्येक मालिकेत असतो. कधी बाप, कधी साहेब, कधी पोलीस. याच्याशिवाय यांचं पान हलत नाही, पण याचं नाव मला माहीत नाही.” मी तिला म्हटलं, “असे आपल्याकडेही होते.” आणि मला सदाशिव अमरापूरकर आठवले.

अशा नटाला आपण ‘सहायक अभिनेता’ म्हणतो. मला आज या ‘सहायक’ शब्दाचाच विचार करायचा आहे. सहायक म्हणजे कमी, असं आपण धरून चालतो. ऑफिसात साहेबाच्या हाताखाली सहायक, शाळेत सहायक शिक्षक. सिनेमानंही सुरुवातीला तेच केलं. अमेरिकेत ऑस्करमध्ये सहायक अभिनेत्यांचे पुरस्कार 1936 च्या चित्रपटांपासून सुरू झाले, पण पहिली काही वर्षं मुख्य नटांना पुतळा मिळायचा आणि सहायकांना नुसती पाटी. पुतळा मिळायला त्यांना सात-आठ वर्षं थांबावं लागलं. आपल्याकडे फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्याचा पहिला पुरस्कार 1955 मध्ये ‘बूट पॉलिश’साठी डेव्हिड यांना मिळाला. डेव्हिड म्हणजे डेव्हिड अब्राहम चेऊलकर. आडनावावरून तुम्ही ओळखलं असेल, आपल्याच कोकण किनाऱ्यावरच्या बेने इस्रायल समाजातला माणूस.

आता अमरापूरकरांकडे येऊ. जन्म 11 मे 1950, अहमदनगरचा, म्हणजे आताचं अहिल्यानगर. सदाशिव हे नाव त्यांनी रंगभूमीसाठी घेतलं, जन्माचं नाव गणेश. शिक्षण इतिहासात एम.ए. नगरच्या हौशी रंगभूमीवर आणि मग व्यावसायिक मराठी नाटकात त्यांनी बरीच वर्षं काढली. 1979 मध्ये ‘22 जून 1897’ हा चापेकर बंधूंवरचा मराठी चित्रपट आला, त्यात ते लोकमान्य टिळक झाले होते. पुढे ‘हँड्स अप’ या नाटकात गोविंद निहलानींनी त्यांना पाहिलं आणि ‘अर्धसत्य’मध्ये रामा शेट्टीची भूमिका दिली. वर्ष 1983. पटकथा विजय तेंडुलकरांची, मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’.

तुमच्यातल्या तरुण मंडळींनी हा चित्रपट पाहिला नसेल, म्हणून थोडक्यात सांगतो. अनंत वेलणकर हा पोलीस सब-इन्स्पेक्टर. ओम पुरींनी केला आहे. वृत्तीनं प्रामाणिक, रागीट, बापाच्या धाकात वाढलेला. समोर रामा शेट्टी, गुंड, जो पुढे निवडणुकीला उभा राहतो. वेलणकर त्याला पकडायला जातो आणि हात हलवत परत येतो. नंतर त्याच शेट्टीच्या सभेच्या बंदोबस्ताला त्याला उभं राहावं लागतं. शेवटी कोठडीतल्या एका मृत्यूमुळे वेलणकरची नोकरी जायची वेळ येते, आणि तो मदतीसाठी शेट्टीच्याच दारात जातो.

संपूर्ण चित्रपटात शेट्टीचे प्रसंग मोजकेच आहेत. त्या काळी खलनायक म्हटला की मोठा आवाज, मोठा अड्डा, मोठे कपडे. अमरापूरकरांनी यातलं काही घेतलं नाही. शेट्टी घरच्या माणसासारखा बसतो, हळू बोलतो, घाई करत नाही. त्याला कसलीच भीती नाही, हे त्याच्या बसण्यावरूनच कळतं. त्या भूमिकेला फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

आता माझा प्रश्न असा. या चित्रपटातून शेट्टी काढून टाकला तर काय उरेल? वेलणकर उरेल, त्याचा राग उरेल, बापाशी भांडण उरेल. पण तो राग खरा किती आणि पोकळ किती, हे आपल्याला कधीच कळणार नाही. शेट्टी समोर बसतो तेव्हाच वेलणकर आपल्याला आरपार दिसतो.

आपल्या काव्यशास्त्रात याला एक नेमका शब्द आहे. भरतमुनींनी नाट्यशास्त्रात विभाव सांगितला. विभाव म्हणजे भाव ज्याच्यामुळे जागा होतो, ते कारण. पुढच्या आचार्यांनी त्याचे दोन भाग केले, आलंबन विभाव आणि उद्दीपन विभाव. ज्याच्या ठिकाणी भाव जागतो तो आश्रय, आणि ज्याच्यावर तो भाव टेकतो ते आलंबन. क्रोध वेलणकरच्या मनात आहे, म्हणून वेलणकर आश्रय. ज्याच्यामुळे तो क्रोध उभा राहतो तो शेट्टी, म्हणून शेट्टी आलंबन. या मांडणीत कोण पहिला आणि कोण दुय्यम, हा प्रश्नच येत नाही. आलंबन नसेल तर रस तयार होत नाही. ‘सहायक’ या शब्दापेक्षा मला ‘आलंबन’ हा शब्द जास्त खरा वाटतो.

कोयनानगरच्या माणसांना तर हे समजावून सांगायची गरजच नाही. 11 डिसेंबर 1967 ची पहाट तुमच्यातल्या ज्येष्ठांनी अनुभवली आहे. भूकंपात धरणाच्या भिंतीला तडे गेले. ते बुजवल्यावर इंजिनिअरांनी भिंतीच्या उताराकडच्या अंगाला काँक्रीटचे जाडजूड टेकू दिले, ज्यांना ते बट्रेस म्हणतात. पर्यटक येतो तो शिवसागराचं पाणी बघतो, दरवाजे उघडले की फोटो काढतो. टेकूंचा फोटो कोणी काढत नाही. पण त्या टेकूंना धरणाचे सहायक म्हणून कमी लेखायची हिंमत या गावात कोणी करणार नाही.

पण मी एकच बाजू सांगितली तर ती लबाडी होईल. दुसऱ्याचा टेकू होण्याची किंमत असते, ती अमरापूरकरांनीही मोजली.

बाजाराचा नियम असा, की एकदा चाललेली गोष्ट पुन्हा पुन्हा मागायची. शेट्टी गाजला आणि त्यांच्याकडे खलनायकांची रांग लागली. 1987 च्या ‘हुकूमत’मध्ये धर्मेंद्रसमोर ते खलनायक होते. 1991 च्या ‘सडक’मध्ये कुंटणखाना चालवणारी महाराणी ही तृतीयपंथी व्यक्ती त्यांनी केली आणि खलनायकासाठी फिल्मफेअरनं सुरू केलेला पहिला पुरस्कार त्यांना मिळाला. अभिनय म्हणून ते काम अंगावर काटा आणतं. पण आज मागे वळून पाहताना हेही म्हटलं पाहिजे, की आधीच समाजानं बाहेर ढकललेल्या माणसांना पडद्यावर राक्षस म्हणून दाखवणं हा त्या चित्रपटाचा दोष होता. नटाच्या ताकदीनं तो दोष आणखी ठसला. नट चांगला असला की चुकीची गोष्टही खरी वाटते, ही त्या धंद्यातली मोठी अडचण आहे.

पुढे विनोदी भूमिका आल्या. ‘कुली नंबर वन’मधला लग्नं जुळवणारा शादीराम घरजोडे लोकांना अजून आठवतो. ‘इश्क’मधला श्रीमंत बाप आठवतो. यातल्या पुष्कळ भूमिकांत त्यांच्यातला इतिहासाचा अभ्यासक वाया गेला, असं मला वाटतं. मात्र मराठीत सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’ आणि ‘वास्तुपुरुष’मध्ये त्यांना त्यांच्या योग्यतेचं काम मिळालं.

आणि दूरदर्शननं त्यांना वेगळंच काही दिलं. श्याम बेनेगलांची ‘भारत एक खोज’ ही 53 भागांची मालिका 1988 मध्ये सुरू झाली. त्यात अमरापूरकर महात्मा जोतीराव फुले झाले. विचार करा. टिळक, रामा शेट्टी, फुले, महाराणी. एकच चेहरा, एकच देह. नायकाला हे सुख नसतं. नायकाला लोक त्याच्यासाठीच बघायला येतात, म्हणून त्याला स्वतःसारखंच दिसावं लागतं. दुय्यम नटाला स्वतःला पुसून टाकायची मोकळीक असते.

पडद्यावर आधार देणारे हे गृहस्थ पडद्याबाहेरही तेच करत होते. सामाजिक कृतज्ञता निधी तुम्हाला माहीत असेल. पूर्णवेळ सामाजिक काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना दरमहा मानधन देता यावं, म्हणून हा निधी उभारला गेला. डॉ. श्रीराम लागू, निळू फुले आणि त्यांचे सहकारी नट ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करत महाराष्ट्रभर फिरले. अमरापूरकर त्यांच्यात होते. कार्यकर्ता समाजाला आधार देतो, पण कार्यकर्त्याच्या चुलीला आधार कोण देणार, हा त्या निधीमागचा प्रश्न होता.

2013 साली राज्यात भीषण दुष्काळ होता. होळीच्या वेळी मुंबईत त्यांच्या घराजवळ पाण्याची उधळपट्टी चालली होती. ती थांबवा, असं सांगायला ते गेले आणि त्यांना धक्काबुक्की झाली. वय त्रेसष्टच्या घरात. हजारो लोकांनी ज्याला पडद्यावर गुंड म्हणून पाहिलं, त्या माणसानं पाण्यासाठी मार खाल्ला. धरणाच्या गावात ही गोष्ट सांगताना मला बरं वाटत नाही, पण सांगितली पाहिजे.

त्याच वर्षी मे महिन्यात ‘बॉम्बे टॉकीज’ आला. त्यातल्या दिबाकर बॅनर्जींच्या भागाचा आधार सत्यजित राय यांची एक कथा आहे. एका अपयशी नटाला अचानक काम मिळतं. काम काय, तर रस्त्यानं जाताना नायकाला धडकायचं. बस. नवाजुद्दीन सिद्दीकींनी तो माणूस केला आहे. तो खट्टू होतो, आणि तेव्हा त्याला त्याचे गेलेले नाट्यगुरू दिसतात. ते त्याला फैलावर घेतात. मग तो त्या एका धडकेची तालीम करतो, जीव ओतून काम करतो आणि पैसे न घेताच निघून जातो. घरी जाऊन आजारी मुलीला सगळी गोष्ट करून दाखवतो. ते गुरू म्हणजे सदाशिव अमरापूरकर. काम लहान नसतं, हे सांगायला त्यांच्याइतका अधिकारी माणूस दुसरा कोण होता? पुढच्या वर्षी, 3 नोव्हेंबर 2014 ला, ते गेले. अंत्यसंस्कार नगरला झाले.

(व्याख्यानानंतरच्या चर्चेतून)

एका विद्यार्थिनीनं विचारलं : “सर, मी गॅदरिंगच्या नाटकात काम करते. मला दर वर्षी आईचीच भूमिका देतात. तुम्ही म्हणता ते ऐकायला छान आहे, पण मला मुख्य भूमिका हवी आहे. हे चूक आहे का?”

चूक अजिबात नाही. मागा. भांडून मागा. माझं बोलणं ऐकून कोणी समाधान मानून घरी बसावं, असं मला वाटत नाही. कोरियातल्या युन यो-जंग या अभिनेत्रीचं उदाहरण देतो. तरुणपणी त्या गाजलेल्या होत्या. लग्न करून अमेरिकेला गेल्या. परत आल्या, घटस्फोट झाला, दोन मुलं वाढवायची होती, म्हणून मिळतील त्या लहान भूमिका घेतल्या. 2021 मध्ये ‘मिनारी’मधल्या आजीसाठी त्यांना ऑस्कर मिळालं, तेही सहायक अभिनेत्रीचंच. अभिनयाचं ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या कोरियन. लहान भूमिका त्यांनी हौसेनं घेतल्या नव्हत्या, गरजेनं घेतल्या होत्या. पण घेतल्यावर कमी प्रतीचं काम केलं नाही.

तेव्हा मुख्य भूमिका मागत राहा. आणि आईची मिळाली, तर नाटकात त्या आईवाचून कोणाचं अडतं, ते आधी शोधा. ते सापडलं की तुमची भूमिका सापडली.

आणि प्रेक्षकांनी एक करावं. पुढच्या वेळी मालिका संपली की लगेच उठू नका. नावं वर सरकतात, ती वाचा. मी नातीला तेच सांगितलं. त्या कोरियन माणसाचं नाव तिनं शोधून काढलं आहे. मला उच्चारता येत नाही, तिला येतं.