आधी भाग मोजा, मग वाटा काढा

सहावी-सातवीतली बरीच मुले गुणाकार-भागाकार नीट करतात, पण गुणोत्तराचे शाब्दिक उदाहरण आले की अडतात. दिसेल त्या संख्येला दिसेल त्या संख्येने भागून मोकळी होतात. अशा वेळी चूक आकडेमोडीत नसते, उदाहरण वाचण्यात असते. ते कसे वाचायचे, हे आज आपण इडलीच्या पिठावरून पाहू.

तांदूळ आणि उडीद डाळ यांचे गुणोत्तर ३ : १ आहे. म्हणजे ३ वाट्या तांदूळ आणि १ वाटी डाळ, एवढेच नव्हे. तांदळाचे ३ भाग, डाळीचा १ भाग. भाग वाटीचा असो की डब्याचा, दोन्हीकडे माप एकच हवे. एकूण भाग झाले ४. क्रमही सांभाळायचा, १ : ३ केले तर डाळच तिप्पट होईल!

आता तीन प्रश्न.

पहिला : दोन्ही मिळून ८ वाट्या आहेत. इथे ८ ही संख्या चारही भागांची आहे. म्हणून ८ ला ४ ने भागायचे. एक भाग २ वाट्यांचा. तांदूळ ६, डाळ २.

दुसरा : डाळ २ वाट्या आहे, तांदूळ किती? इथे २ ही संख्या एकाच भागाची आहे. तिला ४ ने भागायचे नाही. थेट ३ ने गुणायचे. तांदूळ ६ वाट्या.

तिसरा : तांदूळ डाळीपेक्षा ४ वाट्या जास्त आहे. तांदळाचे भाग ३, डाळीचा १, फरक २ भागांचा. म्हणजे २ भाग ४ वाट्यांचे, एक भाग २ वाट्यांचा. पुन्हा तांदूळ ६, डाळ २.

पीठ तेच, उत्तर तेच. पण दिलेली संख्या कधी सगळ्या भागांची, कधी एकाची, कधी फरकाची. म्हणून मुलांना आधी एवढेच विचारा : “ही संख्या किती भागांची?”

असे हिशेब आपल्याकडे जुने आहेत. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या सुमारास लिहिलेल्या ‘लीलावती’त एक उदाहरण आहे. तीन व्यापाऱ्यांनी ५१, ६८ आणि ८५ असे भांडवल घातले, व्यापारात त्याचे ३०० झाले, तर प्रत्येकाला किती? तिन्ही संख्यांना १७ ने भाग जातो. गुणोत्तर ३ : ४ : ५, एकूण भाग १२, एक भाग २५ चा. वाटे ७५, १०० आणि १२५. बेरीज करून पाहा, ३०० भरतात. असा ताळा मुलांनीही दर वेळी करावा.

हाच हिशेब आपल्या बचत गटालाही लागतो. पापडाच्या धंद्यात तिघींनी २,०००, ३,००० आणि ५,००० रुपये घातले आणि नफा ४,००० रुपये झाला. सारखा वाटायचा की भांडवलाच्या प्रमाणात, हे गटाने आधी ठरवावे. प्रमाणात ठरले, तर भाग १०, एक भाग ४०० रुपयांचा. वाटे ८००, १,२०० आणि २,०००. हा हिशेब येत नसेल, तर दुसऱ्याने सांगितलेला आकडा मान्य करून सही करावी लागते.

म्हणून मुलांच्या वहीशेजारी आपणही बसू या. त्यांचे गणित सुटेल आणि आपला वाटाही आपल्याला मोजता येईल.