डेन्मार्कचे साखरी बटाटे, साताऱ्या-सांगलीच्या जिनसांत

डेन्मार्कमध्ये नाताळचं मुख्य जेवण २४ डिसेंबरच्या रात्री होतं आणि त्या ताटात दोन तऱ्हेचे बटाटे असतात. एक नुसते उकडलेले, पांढरे. दुसरे, वितळून तांबूस केलेल्या साखरेत लोणी घालून घोळवलेले, तपकिरी आणि चकचकीत. या दुसऱ्यांना तिकडे ‘ब्रूनेदे कार्टोफ्लर’ म्हणतात. भाजलेलं डुकराचं मांस किंवा बदक, आंबटगोड लाल कोबी आणि दाट रस्सा यांच्या जोडीला ते गरमागरम वाढतात. जिन्नस तीनच : बटाटा, साखर, लोणी. हे तिन्ही सातारा आणि सांगली जिल्ह्यांत होतात आणि चांगले होतात. परदेशी पदार्थ म्हटला की आपण महागड्या बाटल्या-डब्यांच्या दुकानाकडे वळतो. इथे त्याची काहीच गरज नाही.

बटाटा तिकडचा आणि इकडचा

बटाटा डेन्मार्कचाही मूळचा नव्हे. फ्रान्समधून धर्मछळामुळे बाहेर पडलेल्या ह्युगनॉट कुटुंबांनी १७२० च्या सुमारास फ्रेडरिशिया या गावी तो लावला. पुढे १७५९ पासून जटलंडच्या ओसाड माळरानावर जर्मन शेतकरी वसवले गेले. त्यांनी तिथे बटाटा इतका पिकवला की लोक त्यांना ‘बटाटे जर्मन’ म्हणू लागले.

आपल्याकडच्या कथेतही परक्या मुलखातून आलेली माणसं आहेत. महाबळेश्वरला १८३४ मध्ये चिनी आणि मलायी कैद्यांसाठी तुरुंग बांधला गेला. थंड हवेसाठी येणाऱ्या इंग्रजांना लागणारा भाजीपाला आणि बटाटे या कैद्यांनी तिथल्या मळ्यांत पिकवले. तुरुंग १८६४ मध्ये बंद झाला. सातारा जिल्ह्याच्या बटाट्याबद्दल बोलताना या कैद्यांची आठवण कोणी काढत नाही. ती काढायला हवी.

आज जिल्ह्यातला बटाटा म्हटला की खटाव तालुका आणि पुसेगावचा परिसर डोळ्यांपुढे येतो. उत्तर भारतात बटाटा हिवाळ्यात वाढतो आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये निघतो. खटावकडे तो खरिपात, पावसाच्या भरवशावर लावतात. जून-जुलैत लागवड, सप्टेंबर-ऑक्टोबरात काढणी. त्यामुळे बाकीचा बाजार शीतगृहातल्या सहा-सात महिन्यांच्या जुन्या मालावर चालू असतो, तेव्हा साताऱ्याच्या मंडईत ताजा, पातळ सालीचा बटाटा मिळू शकतो. या पदार्थाला तोच हवा.

कोणता बटाटा घ्यावा

सगळं यश इथे आहे, म्हणून जरा थांबून सांगतो. काही बटाटे उकडल्यावर भुसभुशीत होतात आणि हात लावताच फुटतात. त्यांत पिष्ट जास्त, पाणी कमी. वेफर्ससाठी काढलेल्या ‘कुफरी चिप्सोना’सारख्या जाती अशा असतात. तळायला त्या उत्तम, पण साखरेत घोळवताना त्यांचा लगदा होतो. दुसरे बटाटे उकडल्यावरही घट्ट, ओलसर राहतात आणि सुरीने कापले तर कड स्वच्छ येते. ‘कुफरी पुखराज’ या बाजूचा. आपल्याला दुसरा गट हवा.

मंडईत जात विचारून नेहमी उत्तर मिळतंच असं नाही. तेव्हा घरी एक परीक्षा करता येते. अकरा वाट्या पाण्यात एक वाटी मीठ विरघळवा आणि त्यात कच्चा बटाटा सोडा. बुडला तर पिष्टाचा, तरंगला तर आपल्या कामाचा.

आकार लिंबाएवढा. मोठे बटाटे चिरून घेतले तर कापलेल्या बाजूचं पिष्ट साखरेत मिसळून ती गढूळ होते. हिरवी झाक असलेला बटाटा मात्र लहान असो वा मोठा, घेऊ नये. त्यात सोलानिन नावाचं विषारी द्रव्य वाढलेलं असतं.

साखर आणि लोणी

साखरेबद्दल कृष्णाकाठच्या माणसाला कोणी काय सांगावं! कराडपासून वाळवा, सांगलीपर्यंत उसाचे फड आणि सहकारी कारखाने आहेत. डेन्मार्कमध्ये आज साखर बिटापासून होते. आपली उसाची. शुद्ध पांढऱ्या साखरेत दोन्हींचं रसायन एकच, त्यामुळे पदार्थात फरक पडत नाही. बिटाची साखर येण्याआधी डेन्मार्कची साखर कॅरिबियनमधल्या सेंट क्रॉय बेटावरून येई आणि तिथला ऊस गुलामांच्या श्रमावर उभा होता. ती गुलामगिरी १८४८ मध्ये संपली आणि १९१७ मध्ये डेन्मार्कने सेंट क्रॉयसह तिथली आपली बेटं अमेरिकेला विकली. नाताळच्या गोड ताटामागे हाही इतिहास आहे.

लोण्याच्या बाबतीत दोन्ही मुलखांचं चांगलं जुळतं. डेन्मार्कची पहिली सहकारी दूधसंस्था १८८२ मध्ये येडिंग या खेड्यात निघाली आणि शेतकऱ्यांच्या मालकीच्या अशा संस्थांमुळे डॅनिश लोणी जगभर गेलं. सांगली जिल्ह्यात भिलवडीला १९३९ मध्ये चितळ्यांचा दुधाचा व्यवसाय सुरू झाला. तो सहकारी नव्हे, कुटुंबाचा. पण कृष्णाकाठचं दूध दूरच्या शहरांपर्यंत नेण्यात त्याचा वाटा मोठा आहे.

घरच्या सायीचं लोणी वापरणार असाल तर ते दोन-तीन पाण्यांत धुऊन, ताक पूर्ण काढून घ्यावं. लोण्यात पाणी राहिलं तर तापलेल्या साखरेत पडताच ते जोरात तडतडतं आणि अंगावर उडतं. बाजारचं खारं बटर चालतं, मग वरून मीठ घालताना हात आखडावा.

कृती

सहा जणांसाठी एक किलो लहान बटाटे, १०० ग्रॅम साखर, ५० ग्रॅम लोणी, चवीला मीठ.

बटाटे आदल्या दिवशी सालासकट उकडावेत. कुकरपेक्षा पातेल्यात, मिठाच्या पाण्यात. सुरी आत सहज जावी पण बटाटा फुटू नये, इतपत. निवल्यावर सोलून झाकून थंड जागी ठेवावेत. थंड बटाट्यातलं पिष्ट घट्ट बसलेलं असतं, म्हणून दुसऱ्या दिवशी घोळवताना तो मोडत नाही. ही पायरी गाळू नये.

पसरट, जाड बुडाचं आणि आतून उजळ रंगाचं भांडं घ्यावं. स्टीलची जाड कढई छान. लोखंडी तव्यात किंवा काळ्या कढईत साखरेचा रंग दिसत नाही आणि सगळा खेळ रंगाचाच आहे. कोरड्या भांड्यात साखर सारख्या थरात पसरून मध्यम आचेवर ठेवावी. पाणी घालू नये आणि ढवळूही नये. ढवळलं की साखर पुन्हा दाणेदार होते. एका बाजूने लवकर वितळत असेल तर भांडंच हलकेच फिरवावं.

साखर वितळून सोनेरी, मग मधासारखी तांबूस झाली की आच मंद करून लोणी घालावं. फेस येईल. तो आला की बटाटे चाळणीत घेऊन नळाखाली भिजवावेत आणि पाणी निथळून लगेच भांड्यात सोडावेत. ओल्या बटाट्याला साखर नीट धरते. याच क्षणी नवख्याचा धीर सुटतो, कारण थंड बटाटा पडताच साखर आळून तिचे काचेसारखे तुकडे होतात. घाबरू नये. आच मध्यम ठेवून दहा-पंधरा मिनिटं बटाटे हलक्या हाताने उलटत राहिलं की ती पुन्हा वितळते आणि प्रत्येक बटाट्यावर पातळ, चकचकीत लेप चढतो. शेवटी मीठ.

साखर तांबूसची काळपट झाली आणि धुराचा वास आला, तर ती टाकून नव्याने सुरुवात करावी. तो कडूपणा लोण्याने झाकला जात नाही. आणि वितळलेली साखर उकळत्या पाण्यापेक्षा कितीतरी जास्त तापलेली असते, त्वचेला चिकटते. लहान मुलांना चुलीपासून लांब ठेवा, बोट लावून चव पाहू नका.

गूळ घालावा का

कराड-सांगलीकडे हा प्रश्न येणारच. गूळ चालतो, पण कृती बदलते. कोरड्या भांड्यात गूळ साखरेसारखा स्वच्छ वितळत नाही. तो फेसाळतो आणि लवकर करपतो. म्हणून आधी लोणी, त्यात किसलेला गूळ आणि दोन चमचे पाणी, मंद आच. चिक्कीला करतो त्याच्या बराच अलीकडचा, सैल पाक झाला की बटाटे. चव खमंग येते. पण जळत्या साखरेचा जो किंचित कडवट धागा मूळ पदार्थात असतो, तो गुळात उतरत नाही. पहिल्यांदा करताना साखरच घ्यावी, असं माझं स्पष्ट मत आहे.

कशाबरोबर खावं

हे तोंडीलावणं आहे, भाजी नव्हे. माणशी तीन-चार बटाटे पुरे. गोडाला आंबट आणि खारट जोड हवी, हा डेन्मार्कच्या ताटाचा हिशेब आपणही पाळावा. सुकं मटण किंवा भाजलेलं चिकन घ्यावं आणि बाजूला लिंबू पिळलेली कोबीची कोशिंबीर. शाकाहारी घरात लसणीची झणझणीत चटणी, काकडीची कोशिंबीर आणि साधं वरण यांच्या शेजारी हे बटाटे शोभतात. मधुमेह असलेल्यांनी मात्र पांढऱ्या उकडलेल्या बटाट्यांवर, तेही बेताने, समाधान मानावं.

आणखी एक सोय लक्षात घेण्यासारखी आहे. बटाटा, साखर, लोणी हे तिन्ही आपल्याकडे उपवासाला चालतात. सैंधव घातलं आणि दाण्याची आमटी जोडीला केली की एकादशीच्या किंवा नवरात्रातल्या ताटात साबुदाण्याहून वेगळं काहीतरी येतं. खटावचा बटाटाही नेमका नवरात्राच्या आसपास निघतो.

बारीक बटाट्याला बाजारात मोठ्यापेक्षा भाव कमी मिळतो, कारण तो सोलायचा कंटाळा म्हणून गिऱ्हाईक मागत नाही. या वर्षी काढणीच्या दिवसांत साताऱ्याच्या मंडईत गेलात, तर तो मुद्दाम मागून घ्या.