फक्त सहा महिने असतील तर काय शिकवाल? दशवैकालिक सूत्राची गोष्ट

हेडफोन लावलेत? मग आजचा प्रश्न ऐका. समोर आठ वर्षांचं पोर आहे आणि त्याला शिकवायला तुमच्याकडे फक्त सहा महिने आहेत. काय शिकवाल?

जैन परंपरा सांगते, की हा प्रश्न एका बापासमोर खरंच आला. त्यांचं नाव शय्यंभव. राजगृहातले यज्ञ करणारे ब्राह्मण. ते सगळं सोडून जैन साधू झाले, तेव्हा पत्नी गरोदर होती. मुलगा झाला, मनक. आठ वर्षांचा झाल्यावर तो वडिलांना शोधत चंपानगरीत पोचला आणि त्यांचाच शिष्य झाला. शय्यंभव तोवर आचार्य झाले होते. हा आपला मुलगा, हे त्यांनी संघात कुणालाच सांगितलं नाही.

मग त्यांना कळलं, की मनकाचे सहाच महिने उरलेत. शास्त्रांचा पसारा तर एवढा मोठा! म्हणून ‘पूर्व’ नावाच्या जुन्या ग्रंथांमधून त्यांनी निवडक भाग काढून दहा अध्ययनं तयार केली. तेच अर्धमागधीतलं दशवैकालिक सूत्र. ‘दश’ म्हणजे दहा आणि ‘विकाल’ म्हणजे दिवस कलल्यानंतरची अवेळ. श्वेतांबर परंपरेत नवे साधू-साध्वी आजही सुरुवातीला हेच शिकतात.

आता गंमत बघा. वेळ इतका कमी, तरी यात काय आहे? चालायचं कसं, भिक्षा कशी घ्यायची, बोलायचं कसं. बस, रोजच्याच गोष्टी!

पहिल्याच अध्ययनात भुंगा येतो. तो फुलाफुलातून थोडा थोडा रस घेतो, फुलाला इजा करत नाही, आणि त्याचंही पोट भरतं. साधूने भिक्षा अशी घ्यावी. आपल्याकडे गरीब विद्यार्थी पाच घरी माधुकरी मागायचे ना? मधुकर म्हणजे भुंगाच. शब्दात तीच कल्पना आहे.

चौथं अध्ययन म्हणतं, की माती, पाणी, अग्नी, वारा, वनस्पती आणि हालचाल करणारे प्राणी, या सगळ्यांत जीव आहे. मग अडचण होते. पाऊल टाकलं तरी कुणाला तरी इजा होणार! जगायचं कसं? उत्तर आहे ‘जयणा’, म्हणजे लक्ष देऊन, जपून. चाला, बसा, झोपा, जेवा, बोला, पण जयणेने. आणि त्याआधी जीव कुठे कुठे आहे ते समजून घ्या. माहीतच नसेल तर दया कुणावर करणार?

मला सगळ्यात जास्त लागलं ते सातवं अध्ययन, बोलण्यावरचं. काण्या माणसाला काणा म्हणू नका, खरं असलं तरी ते टोचतं. आणि ज्याची खात्री नाही, ते ‘असंच होणार’ असं ठासून सांगू नका.

हे वाचून मी थांबलो. मागे एकदा मी मीटिंगमध्ये म्हणालो होतो, “गुरुवारी शंभर टक्के होईल.” खात्री नव्हती, पण तसं बोलायची सवय. माझ्या टीममधल्या टेस्टरने त्यावर भरवसा ठेवून शुक्रवारचं गावचं तिकीट काढलं. त्याची आजी आजारी होती. माझं काम संपलं रविवारी. त्याने तिकीट रद्द केलं, मला एक शब्द बोलला नाही. आजी बरी झाली, हे माझं नशीब. आता मी सांगतो, “गुरुवारचा अंदाज आहे, पण दोन गोष्टी तपासायच्यात.” ऐकायला भारी वाटत नाही, पण खोटं तरी नाही.

गोष्ट संपवतो. सहा महिन्यांनी मनक गेला. आचार्यांच्या डोळ्यांत पाणी बघून शिष्य चकित झाले. तेव्हा कुठे त्यांनी सांगितलं, की हा माझा मुलगा होता. आधी का नाही सांगितलं? आचार्यांचा मुलगा म्हणून सगळ्यांनी त्याचीच सेवा केली असती आणि इतरांची सेवा करणं त्याचं राहून गेलं असतं.

काम झालं, म्हणून शय्यंभव ते सूत्र आवरून ठेवणार होते. संघ म्हणाला, राहू द्या. म्हणून ते आज आपल्यापर्यंत आलं.

आज दिवसभरात एकदा तरी ‘नक्की’ म्हणायच्या आधी क्षणभर थांबून बघा. काय झालं ते मला कळवा. भेटू पुढच्या भागात!