क्ष उडाला, तर?

‘सर, क्षच उडाला! गणित चुकलंय का?’ आठवीला समीकरणं सुरू झाली की हा प्रश्न आल्याशिवाय राहत नाही. मुलं वही दाखवायला येतात ती अर्धं पान खोडूनच. गणित बहुतेक वेळा बरोबर असतं. पण उत्तर म्हणजे ‘क्ष बरोबर अमुक’ हे डोक्यात इतकं पक्कं बसलेलं असतं की वेगळं काही निघालं की मूल बिचकतं.

क्षचा घात एकच असलेल्या साध्या समीकरणाचे शेवट तीनच. ३क्ष + ४ = १९ सोडवलं की क्ष = ५; एकच उकल. २क्ष + ५ = २क्ष + ९ मध्ये दोन्हीकडून २क्ष वजा केले की उरतं ५ = ९. हे कधीच खरं नाही, म्हणजे क्षची कुठलीच किंमत चालणार नाही, उकल नाही. ३(क्ष + २) = ३क्ष + ६ मध्ये उरतं ६ = ६. हे कायमच खरं, तेव्हा क्षला वाटेल ती किंमत द्या, अनंत उकली. क्ष उडाला की पेन खाली ठेवायचं नाही, मागे काय उरलं ते वाचायचं.

खरी फसगत होते ती ५क्ष = ३क्ष मध्ये. निम्मा वर्ग दोन्हीकडचा क्ष काटतो, ५ = ३ लिहितो आणि ‘उकल नाही’ म्हणून मोकळा होतो. पण क्ष काटणं म्हणजे क्षने भागणं, आणि इथे क्ष स्वतःच शून्य असला तर? भागण्याऐवजी ३क्ष वजा करा : २क्ष = ०, म्हणून क्ष = ०. उकल आहे, ती शून्य आहे. खात्यात शून्य रुपये असणं वेगळं आणि मुळात खातंच नसणं वेगळं.

पुढे दोन चलं येतात, तेव्हा मी वडापाव काढतो. ३ वडापाव आणि २ चहांचे ८० रुपये झाले. दुसऱ्या बिलात ३ वडापाव, ४ चहा, १०० रुपये. चहा १०, वडापाव २०, निकाल लागला. दुसरं बिल ६ वडापाव, ४ चहा, १६० असं असेल, तर ते पहिल्याचीच दुप्पट. नवीन काहीच कळलं नाही, उकली अनंत. आणि तेवढ्याच मालाचे १५० लावले असतील, तर दोन्ही बिलांत बसणारे भाव शोधूनही सापडणार नाहीत. मालकाने सूट दिली असेल किंवा बेरीज चुकली असेल. आलेखावर हेच तीन प्रकार दिसतात : रेषा छेदतात, एकमेकींवर बसतात किंवा समांतर जातात.

मात्र ‘उकल नाही’ म्हणताना कोणत्या संख्या चालतील, हे आधी ठरायला हवं. अलेक्झांड्रियाच्या डायोफँटस या प्राचीन गणितज्ञाला ४क्ष + २० = ४ हे समीकरणच अर्थहीन वाटलं, कारण उत्तर उणे ४ येतं. आज शाळकरी पोर ते सोडवतं. भास्कराचार्यांनी ‘बीजगणित’ लिहिलं ते इसवी सन ११५० च्या सुमारास. त्यातलं माकडांचं गणित मी दरवर्षी घालतो : टोळीच्या पाचव्या हिश्श्यातून ३ वजा करून वर्ग केला, तेवढी माकडं गुहेत गेली, एक फांदीवर दिसलं, एकूण किती? हे वर्गसमीकरण, उत्तरं दोन : ५० आणि ५. ताळा दोन्हींचा जमतो. पण टोळी ५ ची धरली तर पाचवा हिस्सा १, त्यातून ३ गेले की उणे २ माकडं! भास्कराचार्यांनी ५ बाजूला ठेवले. अशी ऋण संख्या लोकांना पटत नाही, हे कारणही दिलं.

म्हणून माझ्या वर्गात नुसतं ‘उकल नाही’ लिहिलं तर अर्धेच गुण. का नाही, हे खाली एका ओळीत लिहिलं की उरलेले अर्धे.