नायकाची कमाई, चरित्र अभिनेत्याचा रोज

लेखमाला : पडदा आणि वऱ्हाड – भाग सातवा

नायक-नायिका वजा केल्यावर कथेत उरतात ती बाप, सासू, फौजदार, मुनीम, शेजारी अशी माणसं. ती रंगवणारा तो चरित्र अभिनेता, इथपर्यंत आपण मागच्या भागात आलो होतो. आता प्रश्न पोटापाण्याचा. ही मंडळी जगतात कशावर? त्यांचं काम कशानं वाढतं आणि कशानं आटतं?

बडनेऱ्यात बसून हा विषय काढायला कारण आहे. मुंबईहून निघालेली रेल्वे १८६७ साली नागपूरला पोचली ती अमरावती शहर बाजूला ठेवून, बडनेऱ्यावरून. अमरावतीच्या वाट्याला पुढे फाटा आला. तेव्हापासून अमरावतीकराला मुंबई गाठायची तर बडनेरा ओलांडावंच लागतं. त्यामुळे सिनेमात जायला निघालेली पोरं आमच्या फलाटाला नवी नाहीत. कोणी ओळखीचा दिसला की प्रश्न ठरलेला : "काऊन बे, सिरियलमंदी चालला का?" विचारणाऱ्याच्या सुरात थट्टा असते आणि थोडा हेवाही असतो.

अमरावतीत जन्मून पडद्यावर सगळ्यात मोठं नाव कमावलेला माणूस म्हणजे भगवान आबाजी पालव, म्हणजेच मास्टर भगवान, म्हणजेच भगवानदादा. जन्म १ ऑगस्ट १९१३. वडील गिरणी कामगार, आणि भगवान वाढले ते मुंबईच्या गिरणगावात. अमरावतीत १९१४ साली हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ सुरू झालं आणि भगवानदादांना कसरतीचा, कुस्तीचा नाद होता, तेव्हा हे दोन धागे जोडून टाकायचा मोह होतो. पण ते धागे जुळत नाहीत. त्यांना घडवलं परळ-दादरनं. आपला हक्क जन्मापुरता.

मूकपटाच्या शेवटच्या काळात ते पडद्यावर आले. पुढे कमी खर्चात, झटपट तयार होणारे मारधाडीचे चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केले. ते पाहायला येणारा प्रेक्षक गिरणीतून सुटून थेट तिकिटाच्या खिडकीशी येणारा. याच काळात, १९४२ च्या सुमारास, एका चित्रीकरणात भगवानना ललिता पवारांच्या थोबाडीत मारायची होती. फटका नको तेवढ्या जोरात बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला, उपचारांत तीनेक वर्षं गेली आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेच्या भूमिका संपल्या.

आता पुढचा हिशेब बघा. नायिकापद गमावलेल्या ललिता पवारांनी त्यानंतर चार दशकांहून अधिक काळ काम केलं. 'दहेज'मधली सासू, 'श्री ४२०'मधली केळीवाली, 'अनाडी'तली मिसेस डिसा (याच भूमिकेसाठी सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं), आणि दूरदर्शनच्या 'रामायण'मधली मंथरा. ज्या डोळ्यामुळे नायिकेची कामं गेली, त्याच डोळ्यानं खाष्ट सासू घरोघरी पोचवली. आणि ज्यांच्या हातून तो फटका बसला, ते भगवान १९५१ साली 'अलबेला' घेऊन आले आणि स्वतःच नायक झाले.

निर्माता, दिग्दर्शक आणि नायक, तिन्ही तेच. शेजारी गीता बाली, संगीत सी. रामचंद्रांचं. राज कपूरनं मारधाड सोडून सामाजिक चित्रपट करायचा सल्ला दिला, असं सांगतात. घरातून हाकलला गेलेला प्यारेलाल नावाचा गरीब तरुण नाटकात नाव काढतो, एवढीच गोष्ट. लोक वेडे झाले ते गाण्यांनी आणि त्या नाचानं. तो नाच एकदा नीट पाहा. गुडघे जरासे सैल, हात कोपरात मुडपलेले, पावलं जागेवरून जेमतेम हलणारी. जे काय चाललंय ते खांद्यांत आणि चेहऱ्यावरच्या त्या भोळ्या खुशीत. बुटका, जाडसर अंगाचा माणूस इतका हलका दिसतो याचंच नवल वाटतं. पाहणाऱ्याला आपल्यालाही हे जमेल असं वाटतं, आणि वरातीत ते सगळ्यांना जमतंही. अमिताभ बच्चनच्या नाचाचं मूळ इथे आहे, हे तर अनेकांनी बोलून दाखवलंय.

चेंबूरला स्वतःचा स्टुडिओ होता. जुहूला बंगला झाला, दारात मोटारी उभ्या राहिल्या. मग त्याच वाटेवर 'झमेला' (१९५३) आला, बऱ्याच वर्षांनी 'लाबेला' (१९६६) आला, पण 'अलबेला' काही पुन्हा झाला नाही. किशोरकुमारला घेऊन सुरू केलेला 'हँसते रहना' अर्धवट राहिला आणि त्यात होतं नव्हतं ते बुडालं, असं त्यांच्याबद्दल लिहिलं जातं. बंगला गेला, मोटारी गेल्या, मुक्काम दादरच्या चाळीत आला. ४ फेब्रुवारी २००२ रोजी ते तिथेच वारले.

ही कहाणी नेहमी 'नशिबाचा खेळ' म्हणून सांगितली जाते. मला ते पटत नाही. भगवानदादांचा पैसा बुडाला तो निर्माता म्हणून. नट म्हणून ते कधीच दिवाळखोर झाले नाहीत. 'झनक झनक पायल बाजे' (१९५५) आणि 'चोरी चोरी' (१९५६) यांत दुय्यम भूमिका करायला त्यांनी कमीपणा मानला नाही आणि पुढे कितीतरी वर्षं, भूमिका लहान लहान होत गेल्या तरी, ते कॅमेऱ्यासमोर येत राहिले. निर्मात्याचा नफा त्याचा आणि बुडीतही त्याचंच. चरित्र अभिनेत्याला रोज मिळतो. चित्रपट आपटला तरी तो सुटत नाही, आणि पन्नास वर्षं चालला तरी वाढत नाही.

मात्र एक फरक होता. ललिताबाईंना सासू म्हणून बोलावलं, तरी दर वेळी वेगळी बाई उभी करायला त्यांना जागा मिळाली. भगवानदादांना बोलावलं जाई ते बहुतेक वेळा ती एक लकब करून दाखवायला. दोघांवरही छाप होती. पण माणसाच्या प्रकाराची छाप असली की नट त्या प्रकारातली शंभर माणसं करू शकतो. लकबीची छाप असली की तीच लकब शंभर वेळा.

याच गोष्टीची आजची बाजू आपल्याकडच्या भारत गणेशपुरे यांच्याकडे पाहिली की कळते. अमरावतीचा हा नट. २०१४ साली सुरू झालेल्या 'चला हवा येऊ द्या'मुळे घराघरात गेला, तो वऱ्हाडी बोलीसकट. पुण्या-मुंबईच्या प्रमाण मराठीनं भरलेल्या वाहिनीवर आपली बोली आठवड्यामागून आठवडे ऐकू आली, हे काही लहान काम नाही. पण त्यानंतर वऱ्हाडी पात्र लिहायचं म्हणजे विनोदी पात्र लिहायचं, असा सोपा हिशेब लेखकांनी करून ठेवला. तिसऱ्या वाक्याला 'काऊन' टाकलं की झालं! वऱ्हाडी बोलणारा न्यायाधीश, वऱ्हाडी बोलणारी डॉक्टरीण मालिकेत शोधून दाखवा. अमरावतीच्या कोर्टात आणि इर्विन दवाखान्यात मात्र रोज भेटतात.

मालिकेतला रोज कसा चालतो तेही सांगतो. पाळी साधारण बारा तासांची. सकाळी कॉल दिलेला असतो, मेकअप करून, कपडे चढवून बसायचं, आणि आपला प्रसंग कदाचित संध्याकाळी लागतो. बसून काढलेले तास कामातच धरले जातात, म्हणून जुने नट सांगतात की अभिनयाआधी बसायला शिका. पैसे दिवसावर ठरतात. महिन्यात किती दिवस बोलावणार हे कथानकावर अवलंबून, आणि टीआरपी घसरला की कथानक वळतं. काका तीर्थयात्रेला जातात आणि परत येतच नाहीत. झालेल्या कामाचे पैसे साधारण नव्वद दिवसांनी देण्याचा या धंद्यात रिवाजच आहे. म्हणजे चैत्रात केलेल्या कामाचे पैसे आषाढात. तोवर मुंबईतलं खोलीभाडं कोणी भरायचं? आपल्याकडची पोरं परत येतात ती बहुतेक वेळा याच तीन महिन्यांत, अभिनय येत नाही म्हणून नव्हे.

आणखी एक. मधला माणूस, ज्याला तिथे कोऑर्डिनेटर म्हणतात, मिळालेल्या कामातून आपला हिस्सा कापून घेतो. त्यात गैर काही नाही. पण काम मिळण्याआधीच नोंदणी, फोटो, कार्ड अशा नावाखाली पैसे मागणारा माणूस धंद्यातला नसतो. तो तुमच्याच पैशावर जगतो.

तेव्हा घरातलं कोणी या नादानं बडनेऱ्याहून गाडीत बसणार असेल तर त्याला अडवू नका. फक्त पहिलं काम घेण्याआधी चार गोष्टी लेखी मागून घ्यायला सांगा : दिवसाचा दर किती, पाळी किती तासांची, पैसे किती दिवसांनी आणि कोऑर्डिनेटरचा वाटा किती. निघताना त्याच्या खात्यात निदान चार महिन्यांचं खोलीभाडं आणि जेवणाचा खर्च असू द्या. पुढच्या भागात बोलीचा मुद्दा घेऊ : वऱ्हाडी बोलणारा नट ऑडिशनमध्ये प्रमाण मराठी बोलतो तेव्हा नेमकं काय होतं.