जुन्या चित्रफितीला नाव-गाव देणारा शोधक

चांदूर बाजार : माहितीपटात एखादे जुने दृश्य चार-पाच सेकंद झळकते. ते खरोखर त्याच दिवसाचे, त्याच ठिकाणचे आहे काय, याची खातरजमा करणारा माणूस मात्र प्रेक्षकांना दिसत नाही. जुने चित्रण शोधणारा हा तज्ज्ञ माहितीपटाच्या सत्याला दिग्दर्शकाइतकाच जबाबदार असतो.

समजा, वऱ्हाडचे सुपुत्र डॉ. पंजाबराव देशमुख यांच्यावर माहितीपट काढावयाचा आहे. १९५२ ते १९६२ या काळात त्यांनी केंद्रात कृषी खाते सांभाळले. दिल्लीत १९५९-६० मध्ये जागतिक कृषी प्रदर्शन भरविले. शोधक प्रथम वृत्तपत्रांतून अशा समारंभांच्या तारखा काढतो. त्या काळची सरकारी समाचारचित्रे १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनची असत. ही संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्याने विचारणा आता तेथे करावी लागते.

फीत मिळाली, तरी सूचीतील नोंदीवर विसंबून चालत नाही. फलक, वाहने, पेहराव, सोबतच्या व्यक्ती पारखाव्या लागतात. त्यानंतर वापराची परवानगी व शुल्क ठरते. भलत्याच गावचा कापूस बाजार वऱ्हाडचा म्हणून दाखविला, तर पाहणारा त्यालाच पुरावा मानतो.

अशा शोधाचे मोठे उदाहरण म्हणजे विठ्ठलभाई झवेरी यांचा १९६८ मधील 'महात्मा'. मुख्यत्वे जुनी चित्रणे व छायाचित्रे जुळवून साडेपाच तासांचे गांधीचरित्र त्यातून उभे राहिले.

जे जपलेच नाही, ते मात्र कोणालाही शोधता येत नाही. सावेदादा भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईत टिपलेली कुस्ती आज उपलब्ध नाही. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये लागलेल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या ज्वालाग्राही नायट्रेट फिती भस्मसात झाल्या.

चांदूर बाजारसारख्या तालुक्याच्या गावांचे चित्रण सरकारी संग्रहात क्वचितच असते. ते असते घरोघरच्या व्हिडिओ कॅसेटमध्ये : लग्न, स्नेहसंमेलन, गणेश विसर्जन. वराच्या मागे दिसणारी बाजाराची ओळ किंवा संत्र्याची बाग उद्या इतिहासाचे साधन ठरू शकते. बुरशी लागलेली कॅसेट यंत्रात घालू नये. जाणकाराकडून स्वच्छ करवून तिची डिजिटल प्रत काढावी, मूळ कॅसेट कोरड्या जागी ठेवावी. तत्पूर्वी वेष्टनावर तारीख, ठिकाण व माणसांची नावे लिहावीत. चेहरे ओळखणारी वडीलधारी मंडळी आहेत, तोवरच हे काम होण्यासारखे आहे.