बांध कुणी घालायचा?
(डेट्रॉइट शहरातील एका मतदारसंघाची हकिगत)

श्रोते मंडळी, 'काँग्रेस' म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे एक राजकीय पक्ष उभा राहतो. अमेरिकेत मात्र काँग्रेस हा पक्ष नव्हे. ती तिथली संसद. आपल्याकडे जशी लोकसभा आणि राज्यसभा, तशी तिथं प्रतिनिधिगृह आणि सिनेट अशी दोन सभागृहं आहेत. त्यांपैकी प्रतिनिधिगृहात ४३५ सभासद बसतात आणि प्रत्येक सभासद एकेका मतदारसंघातून निवडून येतो. मुदत अवघी दोन वर्षांची. म्हणजे निवडून येऊन खुर्ची ऊबदार होते न होते तोच पुढच्या निवडणुकीचे ढोल वाजू लागतात.

आज अशाच एका शहरी मतदारसंघाची हकिगत तुम्हांला सांगायची आहे. मिशिगन राज्यातलं डेट्रॉइट हे मोटारींचं शहर आणि तिथला तेरावा मतदारसंघ. तुम्ही म्हणाल, सातासमुद्रापलीकडच्या मतदारसंघाशी आपलं काय देणंघेणं? एक धागा आहे, आणि तो बेळगावापर्यंत येऊन पोचतो. पण तो शेवटी सांगेन. आधी एक साधं गणित करू.

समजा, एका वस्तीत पंधरा घरं आहेत. नऊ घरं गव्हाच्या पक्षाची, सहा घरं ज्वारीच्या पक्षाची. पाच-पाच घरांचे तीन प्रभाग पाडायचे आहेत. प्रत्येक प्रभागात तीन घरं गव्हाची आणि दोन ज्वारीची घातली, तर तिन्ही जागा गव्हाला जातात. आता दुसऱ्या तऱ्हेनं रेघा ओढा. गव्हाची पाच घरं एकाच प्रभागात कोंबा. उरलेल्या दोन प्रभागांत गव्हाची दोन-दोन आणि ज्वारीची तीन-तीन घरं राहतील, आणि दोन जागा ज्वारीला मिळतील. घरं तीच, मतं तीच. फक्त बांध सरकला आणि निकाल उलटला. शिक्षक मित्रांनो, वर्गात पंधरा खडे किंवा चिंचोके मांडून हे मुलांना करून दाखवा. अमेरिकेत ही युक्ती जुनीच आहे. १८१२ साली मॅसॅच्युसेट्स राज्याचे गव्हर्नर एल्ब्रिज गेरी यांच्या कारकिर्दीत असा एक वेडावाकडा मतदारसंघ पाडण्यात आला. नकाशावर तो सॅलमँडर नावाच्या पालीसारख्या प्राण्यासारखा दिसे, म्हणून लोकांनी या प्रकाराला 'गेरीमँडर' असं थट्टेचं नाव दिलं. ते नाव आजतागायत चालू आहे.

हे गणित मनात ठेवून आता डेट्रॉइटला चला.

१९१० साली या शहराची वस्ती पावणेपाच लाखांच्या आत होती. शहराच्या पोटातच हायलंड पार्क नावाचं एक छोटं स्वतंत्र नगर आहे. तिथल्या कारखान्यात १९१३ साली हेन्री फोर्ड यांनी मोटारी जोडण्याचा सरकता पट्टा सुरू केला आणि १९१४ साली दिवसाला पाच डॉलर मजुरी जाहीर केली. त्या काळी ही मजुरी इतरांच्या मानानं दुप्पट होती. मग काय विचारता! पोलंडमधून, इटलीमधून, अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या कापसाच्या शेतांवरून माणसं लोटली. दक्षिणेतल्या काळ्या शेतमजुरांना तिथं मतदान जवळजवळ बंद होतं, आणि जिवाचीही शाश्वती नव्हती. त्यांना उत्तरेकडची ही शहरं म्हणजे सुटकेची वाट वाटली. १९५० साली डेट्रॉइटची लोकसंख्या जवळजवळ साडेअठरा लाखांपर्यंत गेली.

काम मिळालं, पण घर? घराची गोष्ट वेगळी होती. काळ्या माणसाला शहरात वाटेल तिथं घर घेता येत नसे. कुठं खरेदीखतातच बंदीची अट घातलेली असे, तर कुठं कर्ज देणारेच हात आखडता घेत. १९४१ साली तर शहराच्या उत्तर कडेला गोऱ्यांच्या नव्या वसाहतीला कर्जाची हमी मिळावी म्हणून काळ्यांच्या वस्तीच्या सीमेवर सहा फूट उंचीची आणि सुमारे अर्धा मैल लांबीची भिंत बांधण्यात आली. ती भिंत पुढंही उभीच राहिली. आपल्याकडच्या वेशीबाहेरच्या वस्तीची ज्यांना कल्पना आहे, त्यांना या भिंतीचा अर्थ वेगळा सांगायला नको.

आता नियतीचा खेळ पाहा. माणसांना कोंडलं तशी त्यांची मतंही एका जागी गोळा झाली. मोटार कामगारांची संघटना १९३५ साली उभी राहिली होती, आणि शहरातला कामगार हळूहळू डेमोक्रॅटिक पक्षाकडे वळला होता. १९५४ साली तेराव्या मतदारसंघात चार्ल्स डिग्ज या तरुण काळ्या पुढाऱ्यानं पक्षांतर्गत निवडणुकीत विद्यमान गोऱ्या सभासदाला हरवलं आणि जानेवारी १९५५ मध्ये काँग्रेसमध्ये पाऊल टाकलं. मिशिगनमधून गेलेले ते पहिले काळे प्रतिनिधी. त्याच वर्षी मिसिसिपी राज्यात एमेट टिल नावाच्या चौदा वर्षांच्या काळ्या मुलाचा अमानुष खून झाला. खटला चालला तेव्हा डिग्ज स्वतः मिसिसिपीला जाऊन कोर्टात बसले. आरोपी सुटले, पण ज्यांना तिथं मत देता येत नव्हतं, त्यांच्या वतीनं काँग्रेसचा एक सभासद त्या कोर्टात हजर होता. प्रतिनिधी म्हणजे काय, याचा याहून चांगला धडा कुठला?

पण एक अन्याय शिल्लक होता. मतदारसंघ सारखे नव्हते. १९६० च्या शिरगणतीप्रमाणे मिशिगनमध्येच एका मतदारसंघात आठ लाखांवर माणसं, तर दुसऱ्यात पावणेदोन लाखांच्या आसपास. म्हणजे एकाच्या मताची किंमत रुपया, तर दुसऱ्याची चार आण्यांहून कमी. १९६४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं निवाडा दिला, की एका राज्यातले मतदारसंघ लोकसंख्येनं होता होईल तो सारखे असले पाहिजेत. मिशिगनचे बांध नव्यानं पडले. त्याच वर्षी डेट्रॉइटच्या दुसऱ्या एका मतदारसंघातून जॉन कॉन्यर्स उभे राहिले. पक्षांतर्गत निवडणुकीत ते शे-सव्वाशे मतांनी तरले आणि पुढं बावन्न वर्षांहून अधिक काळ काँग्रेसमध्ये राहिले. मार्टिन ल्यूथर किंग यांची १९६८ साली हत्या झाली. तेव्हा चारच दिवसांत त्यांच्या स्मरणार्थ राष्ट्रीय सुटीचं विधेयक कॉन्यर्स यांनी मांडलं. ते मंजूर व्हायला १९८३ साल उजाडावं लागलं. बसमधली जागा सोडायला नकार देणाऱ्या रोझा पार्क्स याच कॉन्यर्स यांच्या डेट्रॉइटमधल्या कचेरीत १९६५ पासून १९८८ पर्यंत काम करीत होत्या.

सगळंच चित्र उजळ होतं असं मात्र समजू नका. डिग्ज यांच्यावर नोकरांचे पगार फुगवून ते पैसे स्वतःच्या खर्चाला वापरल्याचा आरोप १९७८ साली कोर्टात शाबीत झाला. गंमत अशी, की त्यानंतर महिन्याभरातच लोकांनी त्यांना पुन्हा निवडून दिलं! १९८० साली अखेर त्यांनी राजीनामा दिला. कॉन्यर्स यांनाही कचेरीतल्या स्त्रियांशी गैरवर्तन केल्याच्या आरोपांनंतर २०१७ च्या डिसेंबरात पायउतार व्हावं लागलं. आरोप त्यांनी नाकारले होते. आपला माणूस म्हणून मत देणं वेगळं आणि आपल्या माणसाला जाब विचारणं वेगळं. ही दोन्ही कामं मतदाराचीच.

इकडं शहर ओसरू लागलं होतं. १९४३ च्या दंगलीत ३४ आणि १९६७ च्या दंगलीत ४३ माणसं मेली. कारखाने बाहेर गेले. आधी गोरी आणि मागाहून काळी मध्यमवर्गीय कुटुंबंही उपनगरांत गेली. महामार्गासाठी जुने काळे मोहल्ले पाडले गेले. २०१३ साली नगरपालिकेनं दिवाळं जाहीर केलं. २०२० च्या शिरगणतीत लोकसंख्या निघाली सहा लाख एकोणचाळीस हजार. साडेअठरा लाखांच्या गावात तिसऱ्या हिश्श्याच्या जवळपास माणसं उरली.

याचा परिणाम मतदारसंघावर कसा होतो, ते नीट पाहा. अमेरिकेत दर दहा वर्षांनी शिरगणती होते आणि ४३५ जागा राज्यांत नव्यानं वाटल्या जातात. मिशिगनला १९६० च्या दशकात १९ जागा होत्या. २०२० नंतर १३ राहिल्या. म्हणजे एकेका मतदारसंघात पावणेआठ लाख माणसं हवीत. शहरात तेवढी नाहीत, तर बांध बाहेर सरकवावा लागतो. तेराव्या मतदारसंघाचंच पाहा. १९९३ ते २००३ हा आकडा डेट्रॉइटला नव्हताच; तो पश्चिमेकडच्या ॲन आर्बर शहराच्या बाजूला गेला होता. मग परत आला. २०२१ साली आखलेल्या तेराव्या मतदारसंघात डेट्रॉइटचा बराच मोठा भाग आहे. हायलंड पार्क आहे. एके काळी पोलिश लोकांचं असलेलं आणि पुढं येमेनी व बांगलादेशी कुटुंबांनी वसवलेलं हॅमट्रॅमॅक आहे. सरोवराकाठची श्रीमंत ग्रोस पॉइंट गावं आहेत आणि नदीकाठची कामगारांची उपनगरंही आहेत. एका कढईत किती तऱ्हेच्या डाळी!

आता मतमोजणीची एक मौज ऐका. कॉन्यर्स यांची जागा रिकामी झाल्यावर ७ ऑगस्ट २०१८ रोजी या मतदारसंघात एकाच दिवशी डेमोक्रॅटिक पक्षाच्या दोन पक्षांतर्गत निवडणुका झाल्या. एक उरलेल्या थोड्या महिन्यांसाठी, दुसरी पुढच्या पूर्ण मुदतीसाठी. मतदार तेच, दिवस तोच. पहिल्या निवडणुकीत चार उमेदवार होते. तीत ब्रेंडा जोन्स जिंकल्या. दुसरीत सहा उमेदवार होते. तीत रशीदा तलैब जिंकल्या, आणि तीही एकतीस टक्क्यांच्या आसपास मतं घेऊन. उमेदवार वाढले, मतं फाटली, निकाल बदलला. या भागात डेमोक्रॅटिक पक्षाचा जोर एवढा, की ऑगस्टमधली पक्षांतर्गत निवडणूक जिंकली की नोव्हेंबरची मोठी निवडणूक बहुधा उपचारापुरती उरते.

त्याच २०१८ साली मिशिगनच्या मतदारांनी राज्यघटनेत एक दुरुस्ती मंजूर केली. बांध घालायचं काम आमदारांच्या हातून काढून तेरा सामान्य नागरिकांच्या मंडळाकडे दिलं. चार एका पक्षाचे, चार दुसऱ्या पक्षाचे, पाच कुठल्याच पक्षाचे नसलेले. कुंपणानं शेत खाऊ नये म्हणून केलेला हा उपाय. या मंडळानं आखलेल्या नकाशात पक्षापक्षांतला तोल सुधारला. पण डेट्रॉइटचे दोन मतदारसंघ उपनगरांत लांबवर गेल्यामुळं दोहोंतही काळे मतदार निम्म्याहून कमी झाले. पूर्वी दोन्हींत ते निम्म्याहून जास्त होते. एक दुखणं बरं करताना दुसरं उपटलं, असं काळ्या समाजातल्या पुष्कळांना वाटलं.

आणि आता तो बेळगावचा धागा. २०२२ साली तेराव्या मतदारसंघात डेमोक्रॅटिक पक्षाचे नऊ उमेदवार उभे राहिले. त्यांतले एक श्री ठाणेदार. बेळगावकडचे मराठी गृहस्थ, मुंबई विद्यापीठात शिकलेले, १९७९ साली अमेरिकेला गेलेले, रसायनशास्त्राच्या धंद्यात पैसा मिळवलेले. समोरचे बहुतेक उमेदवार काळे होते. सर्वांनी एकाच नावामागं उभं राहावं, असा खटाटोप काही पुढाऱ्यांनी केला. तो जमला नाही. ठाणेदारांनी प्रचारात स्वतःचा मोठा पैसा घातला आणि सुमारे अठ्ठावीस टक्के मतांवर ते जिंकले. नोव्हेंबरातही जिंकले, आणि २०२४ साली पुन्हा निवडून आले.

मराठी माणूस अमेरिकेच्या काँग्रेसमध्ये गेला, याचा आपल्याला आनंद वाटला तर त्यात वावगं नाही. पण त्याच घटनेकडे डेट्रॉइटच्या एखाद्या काळ्या आजीबाईच्या नजरेनंही पाहा. तिचे आईवडील मत नसलेल्या मुलखातून इथं आले. १९५५ पासून या शहराचा एक तरी काळा प्रतिनिधी काँग्रेसमध्ये होता. अडुसष्ट वर्षांनी, जानेवारी २०२३ मध्ये, ती परंपरा तुटली. तिला हळहळ वाटली, तर तेही खोटं नव्हे. दुसरे लोक म्हणतात, प्रतिनिधी कोणत्या रंगाचा यापेक्षा तो काम कुणाचं करतो ते पाहा. आणि मतदारांनी दिलेला कौल तो कौलच. दोन्ही बाजूंत तथ्य आहे. माझ्या मते खरी अडचण निवडून आलेल्या माणसात नाही. शंभरातल्या बहात्तर मतदारांनी दुसऱ्या कुणाला तरी मत दिलं असताना अठ्ठाविसांचा माणूस निवडून येतो, ती रीतच तपासून पाहायला हवी. मतदारसंघाची रेघ आणि मोजणीची रीत या दोन गोष्टी न बोलता निकाल लावत असतात.

म्हणून मंडळी, तुमच्या गावात ग्रामपंचायतीचे प्रभाग नव्यानं पडतील तेव्हा तो नकाशा एकदा डोळ्यांखालून घाला. कुठली आळी कुठं गेली, कुठल्या वस्तीचे दोन तुकडे झाले, हरकती घ्यायची मुदत कधी संपते, ते विचारा. शेताचा बांध हातभर सरकला तर आपण तलाठ्याकडे धाव घेतो. मताचा बांध सरकला तर निदान तेवढं तरी करायला नको का?